टिमलरच्या नावाची ओळ

पद्माकर खळदकरांना राजानंद टेंभुर्णे नीटसे माहीत नव्हते, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. ओळख सव्वा वर्षाची, आणि त्यातलेही आठ-नऊ महिनेच दोघं एका गावात होते. टेंभुर्ण्यांच्या दारामागच्या खुंटीला बाईमाणसाचा एक तपकिरी कोट टांगलेला असे. तो कुणाचा, ती बाई आहे की गेली, हे पद्माकररावांनी कधी विचारलं नाही आणि टेंभुर्ण्यांनी आपणहून सांगितलं नाही. पाली ग्रंथांवर प्रबंध लिहायला जर्मनीत आलेला माणूस प्रबंध अर्धा टाकून तीस वर्षं ग्रंथालयाच्या तळघरात पुस्तकं का लावत राहिला, हेही विचारायचं राहूनच गेलं. जन्म नागपूरचा, इंदोऱ्यातला. मुलगी क्रांती येनाला, भिंगांच्या संशोधनात. माहिती काय ती एवढीच. एवढ्यावर माणसाविषयी काही सांगायला पद्माकररावांची जीभ रेटत नाही.

पण एक गोष्ट त्यांनी सुरुवातीपासून शेवटपर्यंत डोळ्यांनी पाहिली, कारण ती सुरूच झाली त्यांच्या एका प्रश्नापासून.

पद्माकरराव मूळचे सासवडचे. तहसील कचेरीत चौतीस वर्षं काढून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालेले. पत्नी गेल्यावर मुलानं, मयुरेशनं, त्यांना बॉनला आणलं ते २०१२च्या ऑक्टोबरात. व्हिसा तीन महिन्यांचा. तीन महिने बॉन, तीन महिने सासवड, अशी येजा मग सुरू झाली. मयुरेश सॉफ्टवेअरमध्ये, सून मीनल टेलिकॉम कंपनीत. नात अन्वी मराठीत विचारलेल्याचं उत्तर जर्मनमध्ये देई आणि आजोबा समजल्यासारखी मान हलवत.

सुनेवर आपला भार नको, म्हणून दुसऱ्याच रविवारी ते कपड्यांची बादली घेऊन इमारतीच्या तळघरात, सामाईक मशीन असलेल्या खोलीत उतरले. मशीन घुरघुरायला लागलं तोच मागून आवाज आला.

"बंद करा जी, बंद करा! आज रविवार आहे."

पद्माकरराव दचकून वळले. दारात एक बुटके, रुंद खांद्यांचे गृहस्थ उभे, हातात बटाट्यांची पिशवी.

"तुम्ही... मराठी?"

"ते मागून पाहू. आधी मशीन. वरच्या फ्राऊ ब्राखरनं ऐकलं तर उद्या दारावर कागद चिकटवेल. रुहेटाग! या देशात रविवारी कपड्यांनाही सुट्टी असते."

मशीन काही मध्येच थांबेना. दोघं चोरासारखे उपड्या बादल्यांवर बसून राहिले. पाणी निथळेपर्यंत टेंभुर्ण्यांनी पद्माकररावांचं गाव, नोकरी आणि मधुमेह, सगळं काढून घेतलं. स्वतःचं फक्त नाव सांगितलं. जाताना "जय भीम" म्हणाले. पद्माकरराव गोंधळून "नमस्कार" म्हणाले. सोमवारी दारावर कागद चिकटलाच.

त्यानंतर मंगळवारी आणि शुक्रवारी दुपारी पद्माकरराव तळमजल्यावर टेंभुर्ण्यांकडे जाऊ लागले. स्वयंपाकघर एवढंसं. टेबलाखाली चार लांबट लाकडी खोके, त्यांत उभी लावलेली कार्डं, प्रत्येक कार्ड टाइप केलेलं. पाय पसरायला जागा नाही.

"हे काय, पाककृती?" पद्माकररावांनी पहिल्या दिवशी विचारलं होतं.

"वकील," टेंभुर्णे म्हणाले. "म्हणजे राजदूत, कॉन्सुल, जे कोणी. जर्मन लोकांनी कोरियात जेवढे पाठवले तेवढे सगळे इथं माझ्या टेबलाखाली आहेत."

१९७९ साली ते बॉनला आले तेव्हा शिष्यवृत्ती लवकरच आटली. कोरियावर काम करणाऱ्या एका म्हाताऱ्या प्रोफेसरांना टाइप करणारा विद्यार्थी हवा होता. टेंभुर्ण्यांनी ते काम धरलं, कारण कोरिया त्यांना एका गोष्टीपुरता माहीत होता. तिथल्या एका विहारात बौद्ध ग्रंथ कोरलेले ऐंशी हजारांवर लाकडी ठोकळे जपून ठेवलेत, सातआठशे वर्षांचे. प्रोफेसरांना मात्र ग्रंथांत रस नव्हता. त्यांना हवी होती वकिलांची यादी: कोण कधी गेला, कुठल्या पदावर, कधी परतला. पहिल्या खोक्यात कैसरच्या काळातले लोक. १८८३च्या नोव्हेंबरात तह झाला तिथपासून १९०५ पर्यंत. मग जपाननं कोरियाचा परराष्ट्र व्यवहार ताब्यात घेतला आणि सोलमधल्या वकिलाती उठल्या. दुसऱ्या खोक्यात युद्धानंतर बॉनहून सोलला गेलेले. तिसऱ्यात पूर्व बर्लिनहून प्योंगयांगला गेलेले. चौथ्यात दोन्ही जर्मनी एक झाल्यानंतरचे.

"तिकडे दोन कोरिया, इकडे दोन जर्मनी," टेंभुर्णे म्हणत. "एकच असते तर मला एका खोक्यात भागलं असतं. आल्झो, तर मग, आता टेबलाखाली पाय कुठं ठेवायचे ते तुम्हीच सांगा."

प्रोफेसर वारले, यादी संगणकात गेली, आणि विभागानं कार्डं टाकून द्यायला काढली. ती टेंभुर्ण्यांनी ट्रामच्या तीन फेऱ्या करून घरी आणली. कशाला, हे त्यांनाही तेव्हा सांगता आलं नसतं.

आणि आता त्यांना कुणीतरी विचारलं होतं. २०१३ला तहाची एकशे तीस वर्षं पूर्ण होत होती. गावातल्या राईन-हान, म्हणजे जर्मन-कोरियन, मित्रमंडळानं छोटं प्रदर्शन ठरवलं होतं. त्यात एक मोठा फलक, सगळ्या वकिलांच्या यादीचा, आणि काचेखाली मूळ कार्डं. फलकाच्या तळाशी छापलं जाणार होतं: कार्डसूची, राजानंद टेंभुर्णे. मंडळाचं ते पत्र त्यांनी पद्माकररावांना दोनदा दाखवलं.

"पासष्ट वर्षांत माझं नाव कुठं छापून आलं नाही जी. एकदा नागपूरच्या पेपरात आलं होतं, शाळेत असताना, भाषणाच्या स्पर्धेचं. तेही त्यांनी दुसऱ्याच पोराच्या फोटोखाली टाकलं."

डिसेंबरातल्या एका शुक्रवारी ते काचेखाली ठेवायला कागद निवडत बसले होते. प्रोफेसरांच्या वेळच्या जुन्या झेरॉक्स टेबलभर पसरलेल्या. सोलच्या कॉन्सुलनं बर्लिनला पाठवलेली पत्रं, जुन्या वळणाच्या अक्षरात, आजच्या जर्मन माणसालाही न वाचता येणाऱ्या. पद्माकररावांना तर जर्मनच येत नव्हतं. पण कचेरीत चौतीस वर्षं टपाल हाताळलेल्या माणसाचे डोळे आधी कागदाच्या तळाशी जातात. मजकूर काही का असेना. सही कुणाची, आणि सहीशेजारी 'करिता' आहे का? साहेब दौऱ्यावर असला की हाताखालचा माणूस 'तहसीलदार करिता' असं लिहून सही ठोकतो, आणि पुढे काही निघालं तर सापडतो तो सही करणारा.

दोन कागद हातात धरून ते बराच वेळ घुटमळले. बोलावं की नाही?

"हे साहेब मध्ये रजेवर होते का हो?"

"काहून?"

"नाही, माझं आपलं उगाच. मला यातलं काय कळतंय. पण या कागदावरची सही आणि ही, हात वेगळा वाटतो. आणि इथं अलीकडे काहीतरी बारीक लिहिलंय. आमच्याकडे 'करिता' लिहितात ना, तसं..."

टेंभुर्ण्यांनी कागद घेतला. मग भिंग घेतलं. मग उठून आणखी कागद काढले आणि एकामागून एक नुसते तळ बघत गेले. पद्माकररावांना वाटलं, आता हे हसतील. ते हसले नाहीत. पहिल्या खोक्यातलं एक कार्ड त्यांनी उपसून टेबलावर ठेवलं. कॉन्सुलचं नाव, सलग साडेचार वर्षं. उजव्या कोपऱ्यात टाइप करणाऱ्याची आद्याक्षरं: रा. टें.

"प्रोफेसरांचा नियम होता, नाव फायलीच्या कव्हरवरून घ्यायचं," ते शेवटी म्हणाले. "मला येऊन तीन महिने झालेले. हे जुनं अक्षर वाचता येत नव्हतं. कव्हर छापील असायचं. कव्हरवर कॉन्सुलचं नाव, मग कॉन्सुल जागेवर असो की नसो. मी सह्या पाहिल्याच नाहीत."

सही होती योहानेस टिमलर नावाच्या माणसाची. कॉन्सुलच्या कचेरीतला सेक्रेटरी. कॉन्सुल मायदेशी रजेवर गेलेला आणि मागे कचेरी हा माणूस चालवत होता. अकरा महिने तरी असावेत, असं टेंभुर्ण्यांनी तारखांवरून धरलं. यादीत, प्रोफेसरांच्या पुस्तकात, त्या पुस्तकावरून लिहिलेल्या पुढच्या पुस्तकांत, कुठंच टिमलर नव्हता.

"जाऊ द्या हो," पद्माकरराव घाबरून म्हणाले. "तेहतीस वर्षांत कुणाला कळलं नाही. आता कुणाला कळणार?"

"तुम्हाला कळलं. दोन महिन्यांपूर्वी आलेल्या माणसाला, ज्याला जर्मन येत नाही. गेनाऊ, अगदी तेच, यातच सगळं आलं." त्यांनी कार्ड उलटं केलं, पुन्हा सुलटं केलं. "ऐंशी हजार ठोकळे कोरले त्या लोकांनी. म्हणतात की चूक शोधूनही सापडत नाही. मला चार खोके सांभाळता आले नाहीत."

पद्माकरराव जिना चढून वर गेले ते स्वतःला दूषणं देतच. भल्या माणसाचं नाव पहिल्यांदा छापून येणार, आणि आपल्याला नेमकं तेव्हाच तोंड उघडायचं सुचलं! मीनलनं विचारलं, "बाबा, बरं नाही का?" ते "थंडी" म्हणाले.

जानेवारी ते मार्च ते सासवडला होते. दर रविवारी फोन येई. टेंभुर्ण्यांनी मंडळाला पत्र लिहिलं होतं: टिमलरला यादीत ओळ द्या. मंडळाच्या सचिव फ्राऊ क्योस्टर यांचं उत्तर नम्र होतं. प्रोफेसरांची यादी सर्वमान्य आहे. झेरॉक्स पुसट आहेत. शिवाय टिमलर हा सेक्रेटरी, वकील नव्हे. टेंभुर्ण्यांनी दुसरं पत्र लिहिलं. उत्तर आलं, तळटीप देता येईल. त्यांनी तिसरं लिहिलं.

"देतायत ना तळटीप?" पद्माकरराव सासवडहून म्हणाले. "घेऊन टाका."

"तळटीप नको. ओळ हवी."

"अहो, पण फरक काय पडतो?"

"त्या माणसानं तिथं हिवाळा काढला. कॉन्सुल इकडे आपल्या घरी. कार्डावर नाव कुणाचं? जो घरी होता त्याचं. हे मी केलं. तळटीप वाचायला लोक वाकत नाहीत, पद्माकरराव. तुम्ही वाकता, पण तुमच्यासारखे किती?"

एप्रिलात पद्माकरराव परत आले तेव्हा टेंभुर्ण्यांचं ठरलेलं होतं. मूळ कागद बर्लिनला, परराष्ट्र खात्याच्या दप्तरखान्यात. झेरॉक्स पुसट आहेत ना? मग मूळ पाहायचे. परवानगी काढली होती, मे महिन्यातल्या तीन दिवसांची. आणि पद्माकररावांनी बरोबर यायचं.

"मी येऊन काय करू? मला वाचता तर येत नाही."

"म्हणून तर. मी वाचत बसेन आणि गुंतेन. तुम्ही फक्त सह्या पाहा."

मयुरेशनं आढेवेढे घेतले. टेंभुर्ण्यांच्या हृदयात दोन स्टेंट बसवलेले आहेत आणि डॉक्टरांनी त्यांना दगदग नको सांगितलंय, हे पद्माकररावांना कळलं ते मयुरेशकडून. तेही सगळ्या इमारतीला माहीत असल्यासारखं. पण तिकिटं निघाली.

दप्तरखान्यात पेन बाहेर ठेवावं लागलं, आत फक्त पेन्सिल. फायली मऊ उशीवर ठेवून उघडायच्या. पद्माकररावांना पहिला अर्धा तास भीतीनं हात लावता येईना. मग नाकाला जुन्या कागदाचा वास गेला आणि आपल्याच कचेरीत आल्यासारखे ते सरसावून बसले. एक पान उलटलं की टेंभुर्णे हळूच विचारत, "कोण?" आणि ते म्हणत, "टिमलर." कधी बोट दाखवत: त्याच्या सहीतली शेवटची रेघ मागे वळून पूर्ण नावाखालून जायची, कॉन्सुलची रेघ नाकासमोर सरळ. अशी त्रेचाळीस पत्रं निघाली.

टेंभुर्णे अधूनमधून एखादी ओळ मराठीत सांगत. जहाज उशिरा आलं म्हणून टपाल उशिरा. एका जर्मन व्यापाऱ्याचं आणि हमालांचं भांडण मिटवलं. एका पत्राच्या शेवटी टिमलरनं लिहिलं होतं, खोलीत शाई गोठते, सकाळी दौत पोटाशी धरून बसावं लागतं, म्हणून उत्तराला वेळ लागला, क्षमस्व. ते वाचून टेंभुर्णे थोडा वेळ पुढचं पान उलटेनात.

तिसऱ्या दिवशी दुपारी अडचण आली. टिमलरची शेवटची म्हणून धरलेली पत्रं पद्माकररावांनी बाजूला सारली.

"ही त्याची नाहीत."

"नीट पाहा."

"पाहिलं. ही सरळ रेघ आहे. साहेब परत आलेत."

टेंभुर्ण्यांनी तारखा मांडल्या. अकरा महिने भरेनात. भरले नऊ महिने आणि वीस दिवस. मंडळाला तीन पत्रांत ते अकरा लिहून बसले होते.

पद्माकररावांना वाईट वाटलं. "दहा म्हणा ना. सरळ आकडा. एवढं कोण मोजणार आहे?"

"म्हणजे पुन्हा कव्हरवरूनच नाव घेऊ म्हणता?"

टेंभुर्ण्यांनी पेन्सिलीनं वहीत नऊ महिने वीस दिवस लिहिलं आणि खाली दोन रेघा ओढल्या. परतीच्या गाडीत ते सगळा वेळ झोपले. झोपेत त्यांचा चेहरा राखेसारखा दिसत होता, आणि पद्माकररावांनी कोलोनपर्यंत त्यांच्या छातीची हालचाल पाहत प्रवास केला.

फ्राऊ क्योस्टर यांची भेट मिळाली ती थेट ऑक्टोबरात, फलक छापायला जायच्या आठवड्यात. पद्माकररावांची तिसरी खेप सुरू झाली होती. मंडळाच्या खोलीत टेबलावर फलकाचा नमुना पसरलेला होता. एकतीस नावं, एकतीस ओळी, तळाशी छोट्या अक्षरांत कार्डसूची, राजानंद टेंभुर्णे. फ्राऊ क्योस्टर पन्नाशीच्या, चष्मा साखळीला लावलेला. त्यांनी कॉफी दिली. बोलणं जर्मनमध्ये झालं. टेंभुर्णे मध्येमध्ये मान वळवून मराठीत सांगत होते.

"टेंभुर्णेसाहेब, तुम्ही अकरा महिने लिहिलं होतं."

"ते चुकलं. नऊ महिने वीस दिवस. हा तक्ता, ही कागदांची क्रमांकवार यादी."

बाईंनी चष्मा लावला. तक्ता वाचायला त्यांना बराच वेळ लागला. मग त्या पहिल्यांदाच टेंभुर्ण्यांकडे नीट पाहून म्हणाल्या, "तुमच्या बाजूचे दिवस तुम्ही स्वतःच कमी केलेत."

"तेवढेच होते."

"आणि हात वेगळा आहे हे कुणी ठरवलं? तुम्ही?"

"हे," टेंभुर्ण्यांनी पद्माकररावांकडे बोट केलं. "सही ओळखण्यात यांचे केस पांढरे झालेत."

पद्माकररावांनी नको नको म्हणत हात हलवला. पण बाईंनी दोन कागद पुढे सरकवले होते. ते उठले, पेन्सिलीचं मागचं टोक धरून एका रेघेवरून फिरवलं, मग दुसऱ्या. मागे वळते. वळत नाही. मागे वळते. मराठीत एवढंच पुटपुटले. बाईंनी मान डोलावली. त्याचं भाषांतर करावं लागलं नाही.

"तरीही," त्या म्हणाल्या, "तो प्रभारी होता. यादी वकिलांची आहे."

"सोलच्या यादीत, युद्धानंतरच्या, तुम्ही दोन प्रभारी ओळीत घेतलेत. क्रमांक चौदा आणि सतरा. त्यांना ओळ आहे, मग यालाही हवी."

बाईंनी नमुन्यावर बोट फिरवलं. चौदा. सतरा. थोडं हसल्या. "बरं. मग चूक कशी झाली, हे आम्हाला मंडळाच्या परिपत्रकात सांगावं लागेल. प्रोफेसरसाहेबांची कार्यपद्धती, असं लिहू या? ते आता नाहीत, आणि नियम त्यांचाच होता."

"नियम त्यांचा होता. कार्ड मी टाइप केलं. कोपऱ्यात आद्याक्षरं आहेत. माझं नाव लिहा."

"तुमची खात्री आहे?"

"आहे."

बाईंनी टिपून घेतलं. मग फूटपट्टी घेऊन नमुना मोजला आणि सुस्कारा सोडला. एकतीस ओळींत फलक भरला होता. बत्तिसावी घालायची तर अक्षर लहान करावं लागेल, आणि ते कोरियन पाहुण्यांनी मंजूर केलेलं. वर शीर्षक, मध्ये यादी. मोकळी म्हणावी अशी एकच जागा होती, अगदी तळाची. कार्डसूचीची ओळ.

टेंभुर्ण्यांनी नमुन्याकडे पाहिलं. मराठीत म्हणाले, "ही काढायला सांगतो."

"अहो!" पद्माकरराव खुर्चीतून अर्धे उठले. "तुमचं नाव आहे ते! वर्षभर तुम्ही... बाईंना सांगा, बाजूला उभी लिहा, मागे लिहा, काहीतरी."

"परिपत्रकात येतंय ना नाव. चुकीपाशी."

"ते काय नाव झालं!"

"बसा जी. त्यांना वाटेल आपण भांडतोय."

त्यांनी बाईंना जर्मनमध्ये सांगितलं. बाईंनी पेन्सिलीनं ती ओळ खोडली, वरच्या ओळींना खाली सरकवणारे बाण काढले, आणि पहिल्या खोक्याच्या काळात, दोन तारखांच्या मध्ये, लिहिलं: योहानेस टिमलर.

बाहेर ट्रामच्या थांब्यावर टेंभुर्णे रुळांकडे पाहत उभे राहिले. त्यांनी ते सगळं हसतमुखानं झेललं असं म्हणणं खोटं होईल. ट्राम आली तेव्हा ते म्हणाले, "क्रांतीला पत्र पाठवलं होतं मी त्या मंडळाचं. फोटो काढून." बस्स, तेवढंच.

२६ नोव्हेंबरला प्रदर्शन उघडलं. साठेक माणसं होती. कोरियन पाहुण्यांनी भाषणं केली, फ्राऊ क्योस्टर बोलल्या. टिमलरचं नाव कुणी घेतलं नाही, ते नुसतं फलकावर होतं, आठव्या ओळीत, बाकीच्यांएवढ्याच अक्षरात. टेंभुर्णे इस्त्रीचा कोट घालून त्या फलकासमोर उभे होते. एक कोरियन म्हातारी आली, तिनं वरून खाली सगळी नावं बोट न लावता वाचली, आठव्या ओळीवर इतर ओळींपेक्षा जास्त थांबली नाही, आणि पुढे गेली. टेंभुर्ण्यांनी पद्माकररावांना कोपरानं ढोसलं.

"पाहिलंत? वाकली नाही."

एवढे खूश झालेले ते पद्माकररावांना त्याआधी दिसले नव्हते. मग मात्र त्यांची नजर एकदा फलकाच्या अगदी तळाशी गेली, जिथं आता काही नव्हतं, आणि त्यांनी कोटाची बटणं लावली.

दुसऱ्याच दिवशी सकाळी पद्माकररावांच्या दारावर टकटक झाली. टेंभुर्णे म्हणाले, एक कार्ड चुकलं तर बाकीची कशावरून बरोबर? एकेका वकिलाच्या भेटी, करार, प्रवास धरून रा. टें. असलेली दोन हजार तीनशे कार्डं आहेत. सगळी सह्यांशी ताडून पाहायची. मंगळवार-शुक्रवार पुरणार नाही, रोज बसायचं. झेरॉक्स आहेत त्यांच्यावरून सुरू करू, नसतील तिथं बर्लिनला लिहू. पद्माकररावांनी विचारलं, "किती दिवस लागतील?" ते म्हणाले, "तुमचा व्हिसा कधी संपतो?" "अठ्ठावीस डिसेंबर." "मग पुढच्या खेपेला उरलेलं." सहा दिवसांत पहिला खोका झाला. त्यात दोन तारखा चुकलेल्या निघाल्या, नाव एकही नाही. दोन्ही कार्डं त्यांनी नव्यानं टाइप केली, जुन्या मशीनवर, आणि कोपऱ्यात पुन्हा आद्याक्षरं घातली.

४ डिसेंबरच्या सकाळी पद्माकररावांनी बेल वाजवली तेव्हा दार उघडलं नाही. आदल्या रात्री झोपेतच गेले होते. येनाहून क्रांती आली. धम्मविधी झाला, पाचपन्नास माणसं जमली, फ्राऊ ब्राखरसुद्धा काळा कोट घालून आली होती. पद्माकरराव मागच्या रांगेत उभे राहिले. जवळचे कोण नि लांबचे कोण, आणि आपण त्यांत कुठे बसतो, हे त्यांना ठरवता येईना.

चार दिवसांनी क्रांती वर आली. टिमलरचं काही तिला ठाऊकच नव्हतं. वडिलांनी फोटो काढून पाठवलेलं ते मंडळाचं पत्र फोनवर दाखवत ती म्हणाली, "काका, याच्यात पप्पांचं नाव येणार होतं ना? मी प्रदर्शनात जाऊन आले. निर्गेंड्स. कुठंच नाही." पद्माकररावांनी तिला सगळं सांगितलं, दोन तास लागले, आणि इतकं सलग ते आयुष्यात कधी बोलले नव्हते. ती ऐकत होती, मध्येच जर्मनमध्ये काहीतरी स्वतःशी म्हणाली. मग तिनं विचारलं, "आणि शेवटचं? शेवटी काय बोलले तुमच्याशी?"

पद्माकरराव ओशाळले. सांगण्यासारखं काही नव्हतं. मंगळवारी संध्याकाळी पहिला खोका टेबलाखाली सारून ते निघाले, आणि टेंभुर्णे दारापर्यंत आले.

"उद्या वाचायचा चष्मा आणा, हा नको. दुसरा खोका काढू."

"आणतो. किती वाजता येऊ?"

"दहाला या. त्याआधी मला कचऱ्याचा पिवळा डबा रस्त्यावर लावायचा आहे."

"बरं. दहाला."